मोदच्या घरची रात्र : मोह टाळला म्हणजे नेमके काय टाळले?

पाऊलखूण (धागाकर्ता)

कथानक शेवटासकट उघड केले आहे, तेव्हा ज्यांना चित्रपट कोऱ्या मनाने पाहायचा असेल त्यांनी आधी तो पाहावा आणि मग या धाग्याकडे वळावे.

फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेर यांच्या ‘मा न्वी शे मोद’, म्हणजे ‘मोदच्या घरची माझी रात्र’ (१९६९), या चित्रपटाचा विषय निघाला की बोलणे बहुधा एकाच प्रश्नावर येऊन थांबते : एवढी देखणी, बुद्धिमान आणि मोकळी स्त्री समोर असताना तो तिच्यापासून दूर का राहिला? हा प्रश्न मला अपुरा वाटतो, कारण त्यात मोह म्हणजे फक्त मोद, असे आपण गृहीत धरतो. माझ्या मते त्या माणसाला पडलेला खरा मोह निराळाच आहे आणि तो सुटायला पाच वर्षे लागतात.

नायकाचे नाव चित्रपटात कोणीच उच्चारत नाही. तो चौतीस वर्षांचा अभियंता आहे, कॅनडा आणि चिली येथे नोकरी करून क्लेर्माँ-फेराँ या शहरात मिशलिन कंपनीत रुजू झालेला, श्रद्धावान कॅथलिक. नोत्र-दाम-द्यु-पोर या जुन्या चर्चमध्ये प्रार्थनेच्या वेळी त्याला एक सोनेरी केसांची तरुणी दिसते. ती आपल्या सोलेक्सवरून, म्हणजे इंजिन लावलेल्या सायकलवरून, निघते, तो मोटारीतून मागोमाग जातो आणि अरुंद रस्त्यांत ती दिसेनाशी होते. त्यानंतर पडद्यामागून त्याचा आवाज येतो : त्या दिवशी, सोमवारी २१ डिसेंबरला, हीच आपली पत्नी होणार हे त्याला एकाएकी आणि पक्के ठाऊक झाले. या घटकेपर्यंत तो तिच्याशी एक शब्दही बोललेला नाही. रोमेर यांनी ‘सहा नीतिकथा’ या मालिकेसाठी आखलेला साचा असा आहे की पुरुषाचे मन एका स्त्रीवर बसलेले असते, मध्येच दुसरी येते, तो ओढला जातो आणि पुन्हा पहिलीकडे परततो. या कथेत मात्र पहिली स्त्री ही अजून निव्वळ त्याच्या मनातली एक योजना आहे, हे मला फार महत्त्वाचे वाटते.

पुढे व्हिदाल हा चौदा वर्षे न भेटलेला जुना मित्र भेटतो, जो तत्त्वज्ञान शिकवतो आणि मार्क्सवादी आहे. लिओनिद कोगन यांचे व्हायोलिनवादन, मग नाताळच्या मध्यरात्रीची प्रार्थना आणि दुसऱ्या दिवशी रात्री मोदच्या घरी जेवण, असा क्रम लागतो. मोद बालरोगतज्ज्ञ आहे, घटस्फोटित आहे, एका लहान मुलीची आई आहे आणि धर्म न मानणाऱ्या घराण्यात वाढलेली आहे. जेवताना गप्पा पास्कलवर येतात, आणि ते साहजिकच आहे, कारण ब्लेझ पास्कल हा गणिती आणि तत्त्वचिंतक १६२३ साली याच गावात जन्मला. टेबलावर शाँतुर्ग ही तिथलीच वाइन आहे. नायक म्हणतो की पास्कलनेही ही प्यायली असणार. त्याने ती वर्ज्य केली असती तर आपली हरकत नव्हती, पण पिताना त्याने तिच्या चवीकडे लक्षच दिले नाही, हे आपल्याला पटत नाही. हा संवाद मी पुन्हा पुन्हा ऐकतो. जो माणूस सुखाची चव घेण्याचे एवढे समर्थन करतो, तोच तासाभरानंतर घोंगडीत स्वतःला गुंडाळून पलंगाच्या कडेला पडून राहणार आहे.

रात्र वाढते, बाहेर बर्फ पडू लागते आणि व्हिदाल निघून जातो. मोदचा पलंग बैठकीच्या खोलीतच आहे आणि ती पांघरुणात बसून बोलते आहे. नायकाला डोंगरातल्या सेरा या गावी परतायचे आहे, पण रस्ते निसरडे झाले आहेत, तेव्हा गाडी चालवू नकोस असे ती सांगते. प्रेक्षकाला हे थांबवून घेण्याचे निमित्त वाटते. नंतर कळते की तिचा प्रियकर बर्फाळ रस्त्यावर गाडी घसरूनच गेला. तिच्या आग्रहात ओढ किती आणि भीती किती, याची वाटणी करता येत नाही, आणि अशी वाटणी न करणे हेच रोमेर यांचे मोठेपण आहे. दुसरी खोली आहे असे तिने आधी सूचित केलेले असते, प्रत्यक्षात ती नसते. पहाटे ती अर्धवट झोपेत त्याला बिलगते, तो क्षणभर प्रतिसाद देतो, मग अंग काढून घेतो आणि मग पुन्हा तिच्याकडे वळतो. तेव्हा तीच उठते. काय हवे आहे हे ज्यांना ठाऊक असते अशी माणसे आपल्याला आवडतात, एवढेच ती सांगते.

याला संयम म्हणता येईल का? मला वाटत नाही. त्याने नकार दिला नाही आणि होकारही दिला नाही. मात्र घराबाहेर पडताच त्याने या रात्रीचे रूपांतर आपल्या निष्ठेच्या पुराव्यात करून टाकले. त्याच सकाळी कॅफेच्या काचेतून ती सोलेक्सवाली तरुणी, फ्राँस्वाज, जाताना दिसते आणि तो कोटही न चढवता धावत जाऊन तिला गाठतो. हे धाडस त्याला आदल्या रात्रीने दिले आहे. आपण मोहातून पार पडलो, म्हणून आता हिच्यावर आपला हक्क आहे, असे काहीसे त्याच्या मनात असावे. स्वतःची ही स्वच्छ प्रतिमा हाच त्याचा मोह आहे. शरीराचा मोह त्याला एका रात्री भेटला, पण हा त्याच्यासोबत चर्चमध्ये बसतो, कचेरीत जातो आणि लग्नही लावतो.

पाच वर्षांनंतर समुद्रकिनारी पत्नी आणि लहान मुलासह जाताना त्याला मोद भेटते. ती निघून गेल्यावर तो फ्राँस्वाजपाशी बसतो आणि ‘आमच्यात काहीच घडले नव्हते’ असे सांगणार, एवढ्यात त्याला उमगते की फ्राँस्वाजचा चेहरा उतरला आहे तो नवऱ्याचे गुपित कळल्यामुळे नव्हे. आपले गुपित त्याला कळले, हे जाणवल्यामुळे. लग्नापूर्वी तिचा ज्या विवाहित माणसाशी संबंध होता, तो मोदचाच नवरा होता. त्या क्षणी तो खोटे बोलतो : हो, तेच माझे शेवटचे प्रकरण. आयुष्यभर जपलेली ‘मी पडलो नाही’ ही जागा तो बायकोला हलके वाटावे म्हणून सोडून देतो. चित्रपटभर मोह टाळण्याविषयी बोलणारा माणूस खऱ्या अर्थाने काही टाळतो ते येथेच, असे माझे मत आहे. आपली मते अवश्य मांडावीत.

शिलालेख

लेख मन लावून लिहिला आहे आणि शेवटाविषयीचे आपले विवेचन मला मान्य आहे. तरीही मोदला सबंध लेखात ‘मोह’ या खात्यावर टाकले गेले आहे, याबद्दल मला बोलायलाच हवे. ती काही भुलवण्यासाठी बसलेली अप्सरा नाही आणि समोरचाही कोणी तपस्वी नाही. ती दिवसभर काम करून थकलेली डॉक्टर आहे. तिचा नवरा दुसरीकडे गुंतला होता, प्रियकर अपघातात गेला आणि आता ती हे गाव सोडून जाण्याच्या बेतात आहे. तिला एका रात्रीपुरते कोणीतरी खरे बोलणारे हवे आहे. अभिनेत्री फ्राँस्वाज फाबियाँ यांनी मोदची भूमिका अशी केली आहे की मोद प्रश्न विचारते तेव्हा तिला उत्तर खरोखरच ऐकायचे असते. नायक मात्र उत्तर देताना स्वतःलाच ऐकत असतो.

आणखी एक गोष्ट काळाविषयी. २१ डिसेंबरला सोमवार १९६४ साली होता, तेव्हा कथा त्या नाताळची धरली तर पाच वर्षांनंतरचा शेवट बरोबर चित्रपटाच्या प्रदर्शनाच्या वर्षाशी येऊन भिडतो. १९६४ च्या फ्रान्समध्ये गर्भनिरोधकांना कायद्याची मान्यता नव्हती, ती डिसेंबर १९६७ मध्ये मिळाली. आणि परस्परसंमतीने घटस्फोट घेण्याची सोय १९७५ साली झाली. अशा काळात, प्रांतातल्या एका कर्मठ गावात, घटस्फोटित स्त्रीने एकटीने घर चालवायचे आणि आपली इच्छा उघडपणे बोलून दाखवायची, यात तिने पत्करलेली जोखीम नायकाच्या जोखमीपेक्षा कितीतरी मोठी आहे. त्याने त्या रात्री काही गमावले असते तर ते पापनिवेदनात सांगून मोकळे होण्याची वाट त्याला होती. मोदला तशी कुठलीच वाट नव्हती. समुद्रकिनाऱ्यावर ती सांगते की दुसरे लग्नही नीट चाललेले नाही, पुरुषांच्या बाबतीत आपले नशीब कधीच धड नव्हते. हे वाक्य ती सहज बोलून जाते आणि कथा तिला तिथेच सोडून पुढे सरकते. मला दरवेळी त्याचा राग येतो.

पाऊलखूण

शिलालेखताई, आपला राग मला समजतो. तो रोमेर यांच्यावर आहे की नायकावर, एवढे मात्र वेगळे करून पाहावे अशी विनंती आहे. पडद्यामागचा आवाज सबंध चित्रपटात केवळ दोनदा येतो आणि दोन्ही वेळा तो नायकाचाच असतो. मधल्या काळात कॅमेरा त्याच्या बाजूने असूनही आपली सहानुभूती हळूहळू मोदकडे जाते. हे दिग्दर्शकाच्या नकळत घडले असेल असे मला वाटत नाही. ज्या माणसाच्या तोंडून कथा सांगायची, त्याच्यापेक्षा अधिक उमदे माणूस त्याच्यासमोर बसवायचे आणि त्याला ते पुरेसे दिसू द्यायचे नाही, अशी ही रचना आहे.

पाणवठा

मी गणित शिकवतो, त्यामुळे या चित्रपटातला पास्कलचा पैजेचा युक्तिवाद हा मला केवळ विद्वत्तेचा साज वाटत नाही. पास्कलचे म्हणणे थोडक्यात असे : ईश्वर असण्याची शक्यता कितीही कमी धरा, पण असल्यास मिळणारे फळ अनंत आहे आणि अनंताला कितीही लहान धन संख्येने गुणले तरी ते अनंतच राहते, म्हणून पैज ईश्वराच्या बाजूने लावावी. व्हिदाल हाच हिशेब इतिहासाला लावतो. इतिहासाला अर्थ असेल याची खात्री त्याला नाही, उलट नसेलच असे त्याला अधिक वाटते, पण अर्थ आहे असे मानूनच आपले जगणे समर्थनीय ठरते, म्हणून तो त्या बाजूला पैसे लावतो.

नायकही शक्यतांचा हिशेब करणारा माणूस आहे. मोकळ्या वेळात तो संभाव्यतेची पुस्तके चाळतो. दोन जुने मित्र अवचित भेटण्याची शक्यता किती, यावर त्याची आणि व्हिदालची चर्चा होते. पण फ्राँस्वाजच्या बाबतीत त्याने काय केले आहे, ते पाहा. पैज म्हणजे अनिश्चितता मान्य करून उचललेले पाऊल. त्याने तर २१ डिसेंबरलाच निकाल जाहीर करून टाकला आणि मग प्रत्येक योगायोग त्या निकालाचा पुरावा म्हणून जमा करत गेला. बर्फ पडले म्हणून मोदकडे राहिला तर तो योगायोग आणि त्याच बर्फात गाडी अडकून फ्राँस्वाजच्या वसतिगृहात रात्र काढावी लागली तर ती मात्र खूण! दोन रात्री, दोन्हीकडे बर्फ, दोन्हीकडे परकी खोली. पण अर्थ लावताना त्याने तराजू बदलला. आपण ज्याला स्वच्छ प्रतिमेचा मोह म्हणता, त्याला माझ्या विषयाच्या भाषेत असे म्हणता येईल की त्याला निश्चिततेचा मोह पडला आहे. मोदची भीती त्याला वाटते ती यामुळेच, कारण तिच्यापाशी काहीही आधीपासून ठरलेले नाही. तिच्यासोबत राहायचे तर रोज पैज लावावी लागेल.

दूर्वांकुर

चर्चा विचारांवरच राहिली आहे, म्हणून थोडे चित्रणाविषयी लिहितो. छायाचित्रण नेस्तोर आल्मेंद्रोस यांचे आहे. १९६९ साली रंगीत चित्रपट सर्रास होत असताना आणि या मालिकेतला आधीचा पूर्ण लांबीचा चित्रपट रंगीत असतानाही हा कृष्णधवल ठेवला गेला. क्लेर्माँ-फेराँचे कॅथीड्रल काळ्या ज्वालामुखी दगडाचे आहे, त्यावर नाताळचे बर्फ, आणि मोदच्या घरात पांढऱ्या भिंती व पांढरे पांघरूण. या विषयाला तिसऱ्या रंगाची गरजच पडलेली नाही. पार्श्वसंगीतही नाही. कोगन वाजवतात तेवढेच काय ते संगीत. चित्रीकरण नाताळातच व्हावे असा रोमेर यांचा हट्ट होता आणि त्या हंगामात नायकाची भूमिका करणारे जाँ-लुई त्रँतिन्याँ मोकळे नव्हते, म्हणून ते सुमारे वर्षभर लांबले.

मोदच्या खोलीतल्या दृश्यात एक गोष्ट आवर्जून पाहावी. आपल्याला सवय असते ती बोलणाऱ्याकडे कॅमेरा वळण्याची. येथे कितीतरी वेळ कॅमेरा ऐकणाऱ्यावर थांबतो. नायक आपल्या श्रद्धेविषयी लांबलचक बोलत असताना पडद्यावर मोद आहे. तिचे डोळे त्याच्यावर आहेत, मध्येच ती सिगारेट ओढते, हसू दाबते, मान किंचित तिरकी करते. इच्छा दाखवण्यासाठी या दिग्दर्शकाला स्पर्शाची गरज लागत नाही, कारण एखाद्याचे बोलणे इतके लक्ष देऊन ऐकणे हीच जवळीक आहे. मोद झोपताना खलाश्यांसारखा सदरा घालते, पाय उघडे आहेत, हे दिसते. पण कॅमेरा तिथे रेंगाळत नाही. नायकाची नजर रेंगाळते का, हे त्रँतिन्याँ यांच्या चेहऱ्यावरून ओळखायचे आणि तेही चटकन लपवले जाते. संयत अभिनय म्हणजे काय हे शिकायचे असेल तर त्यांच्या या अस्वस्थ हसण्याकडे पाहावे. बोलणे अडचणीचे झाले की ते हसतात आणि त्या हसण्यात सुटकेची वाट शोधतात.

काजवा

मला एक थेट प्रश्न आहे. आजच्या तिशीतल्या प्रेक्षकाने हा चित्रपट का पाहावा? माझ्या दोन मित्रांनी तो मध्येच सोडला, कारण त्यांना नायक दांभिक वाटला आणि एका रात्रीच्या गप्पांवर एवढा वेळ घालवणे त्यांना पटले नाही. त्यांच्यापाशी मोदचे एकच वाक्य आहे : हवे आहे का, ते सांग आणि मोकळा हो.

शिलालेख

काजवा, तुमच्या मित्रांचे म्हणणे म्हणजे मोदचेच म्हणणे आहे, त्यामुळे ते चित्रपटाबाहेरचे नाही. पण हे सांगणे सोपे आणि करणे अवघड का असते, ते रोमेर यांच्याच ‘दुपारचे प्रेम’ (१९७२) या मालिकेतल्या शेवटच्या कथेत पाहा. तिथला नायक फ्रेदेरिक विवाहित आहे, पत्नीवर त्याचे प्रेम आहे आणि क्लोए ही जुनी ओळखीची स्त्री दुपारच्या वेळी त्याला भेटत राहते. अखेरीस तो तिच्या घरी अंगातला स्वेटर काढू लागतो, तो डोक्याभोवती अडकतो आणि आरशात त्याला स्वतःचा चेहरा दिसतो. घरी आपल्या बाळाला हसवण्यासाठी तो नेमके हेच सोंग करत असतो. तो स्वेटर पुन्हा खाली ओढतो, गुपचूप जिना उतरतो आणि घरी जातो. तिथे कोणताही युक्तिवाद नाही, पास्कल नाही. अंगातल्या कपड्यानेच त्याला तो कोण आहे ते दाखवले. दांभिक म्हणून या माणसांना मोडीत काढणे मला पटत नाही, कारण इच्छा आणि निष्ठा या दोन्ही त्यांच्या ठायी खऱ्या आहेत. माझा आक्षेप एवढाच की क्लोए त्या खोलीत वाट पाहत राहते आणि मोद आपल्या दुसऱ्या फसलेल्या लग्नाकडे परत जाते. हिशेबाची ही बाजू कोणीतरी लिहून ठेवायला हवी.

पाऊलखूण

काजवा यांच्या प्रश्नाला शिलालेखताईंनी माझ्यापेक्षा चांगले उत्तर दिले आहे. मी फक्त अजून कोणी न काढलेला विषय काढतो, तो फ्राँस्वाजचा. मारी-क्रिस्तीन बारो यांनी तिला इतके शांत ठेवले आहे की आपण तिला नायकाच्या नजरेनेच पाहू लागतो : चर्चमधली, सोज्वळ, ठरलेली. पण या कथेत मोहाला खरोखर सामोरी गेलेली, त्यात पडलेली आणि त्याची किंमत मोजणारी व्यक्ती तीच आहे. टेकडीवरून खाली गाव दिसत असताना ती आपल्या जुन्या संबंधाची कबुली देते, लग्नाला नकार द्यावा असे तिला वाटत असते. त्यावर नायक सांगतो की आपण भेटलो त्या सकाळी मीही एका स्त्रीच्या घरून आलो होतो, तिच्यासोबत झोपलो होतो. अक्षरशः पाहिले तर ते सत्यच आहे, पण तिने त्यातून जो अर्थ घ्यावा असे त्याला वाटते, तो सत्य नाही. मग यावर पुन्हा कधीही बोलायचे नाही असे दोघे ठरवतात.

म्हणजे किनाऱ्यावरचे खोटे हे त्या टेकडीवरच्या अर्धसत्याचेच पूर्ण रूप आहे. फरक असा की टेकडीवर त्याने ते तिला मिळवण्यासाठी वापरले आणि किनाऱ्यावर तिला सोडवण्यासाठी. पाणवठा यांनी म्हटलेली निश्चितता तोपर्यंत संपलेली आहे, कारण ‘हीच ती’ म्हणून निवडलेल्या स्त्रीचा भूतकाळ मोदच्या भूतकाळाशी जोडलेला होता आणि हे त्याला कोणत्याही खुणेने सांगितले नव्हते. त्याच्या कथनापलीकडे फ्राँस्वाजने ती पाच वर्षे काय मनात धरून काढली, हे मात्र चित्रपट सांगत नाही. यावर कोणी लिहिणार असेल तर मला ते वाचायला आवडेल. विशेषतः मोद समोर येते तेव्हा फ्राँस्वाज मान खाली घालते, त्या काही क्षणांतल्या बारो यांच्या अभिनयाविषयी दूर्वांकुर यांनी लिहावे, अशी विनंती आहे.